नववं आणि दहावं घोडदळ: एका कृष्णवर्णीय शिपायाचा सरकारी दप्तरातून माग कसा काढावा

‘हा माणूस काळा आहे म्हणून त्याला वाईट वागणूक दिली’ असं वाक्य अमेरिकी सैन्याच्या कागदांत जवळजवळ कुठेच सापडत नाही. सापडतो तो फरक. एकाच ठाण्यावर, एकाच महिन्यात, गोऱ्या कंपनीच्या वाट्याला काय आलं आणि काळ्या कंपनीच्या वाट्याला काय, हे दोन कागद शेजारी ठेवले की दिसतं. म्हणून शोधाचा क्रम असा ठेवावा: आधी माणूस नक्की करायचा, मग त्याची कंपनी कुठे होती ते महिन्यागणिक लावायचं, आणि त्यानंतरच त्याच्यावर काय गुदरलं हे विचारायचं. उलट्या क्रमाने गेलेले लोक दंतकथा घेऊन परत येतात.

सुरुवात रेजिमेंट आणि वर्षापासून

28 जुलै 1866 च्या कायद्याने कायम सैन्यात सहा कृष्णवर्णीय रेजिमेंट उभ्या राहिल्या. 9 वी आणि 10 वी घोडदळाची, 38 वी ते 41 वी पायदळाची. 1869 मध्ये पायदळाच्या चार रेजिमेंट एकत्र करून 24 वी आणि 25 वी अशा दोन केल्या. त्यामुळे 1867 साली 38 व्या पायदळात असलेला माणूस 1870 मध्ये 24 व्या रेजिमेंटच्या कागदांत दिसला तर तो वेगळा माणूस समजू नये. घोडदळात असा गोंधळ नाही. प्रत्येक रेजिमेंटमध्ये बारा कंपन्या, ए पासून एम पर्यंत. ‘जे’ नावाची कंपनी नसते. कुणी ‘कंपनी जे’ वाचलं असेल तर ते अक्षर बहुधा ‘आय’ आहे. 1883 पासून घोडदळाच्या कंपनीला कागदोपत्री ‘ट्रूप’ म्हणू लागले, एवढं ध्यानात असू द्यावं.

रेजिमेंटचा मुक्काम पाठ असला तर निम्मा वेळ वाचतो. 9 वी रेजिमेंट कर्नल एडवर्ड हॅच यांच्या हाताखाली लुइझियानात उभी राहिली, 1867 मध्ये टेक्सासला गेली, 1875-76 मध्ये न्यू मेक्सिकोला, 1881 मध्ये कॅन्सस आणि इंडियन टेरिटरी (अमेरिकेच्या मूळ रहिवासी ‘इंडियन’ जमातींसाठी राखलेला मुलूख, आजचं ओक्लाहोमा) यांकडे, आणि 1885 पासून नेब्रास्का, वायोमिंग, युटाकडे. 10 वी कर्नल बेंजामिन ग्रिअरसन यांची. ती कॅन्ससमधल्या फोर्ट लेव्हनवर्थला उभी राहिली आणि 1875 पर्यंत कॅन्सस-इंडियन टेरिटरीत राहिली. मग 1885 पर्यंत टेक्सास, त्यानंतर ॲरिझोना, आणि 1892 पासून मोंटाना. घरच्या आठवणीत ‘आजोबा 1879 साली ॲरिझोनात दहाव्या घोडदळात होते’ असं असेल, तर साल, राज्य आणि रेजिमेंट यांपैकी एक तरी चुकलेलं आहे.

आणखी एक. ‘बफेलो सोल्जर’ (या काळ्या रेजिमेंटच्या शिपायांचं टोपणनाव) असा शोध घालू नये. हे नाव भरतीच्या किंवा पगाराच्या कागदांवर नसतं. रेजिमेंटचा आकडा आणि कंपनीचं अक्षर, यांवरच शोध चालतो.

भरतीची नोंदवही

पहिला सापळा इथेच आहे. अमेरिकी यादवी युद्धातल्या (1861-65) स्वयंसेवक शिपायांची ‘संकलित सेवा-नोंद’ मिळते, म्हणजे एका माणसाची सगळी कार्डं एका पाकिटात. कृष्णवर्णीय स्वयंसेवक घोडदळाची अशी पाकिटं अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागाराच्या एम 1817 या मायक्रोफिल्म मालिकेत आहेत. कायम सैन्यातल्या शिपायांची अशी पाकिटं कधी बनवलीच गेली नाहीत. म्हणून सेवा-नोंद मागितल्यावर ‘सापडत नाही’ असं उत्तर आलं, तर तो माणूस नव्हता असा त्याचा अर्थ नाही. मागणी चुकीच्या ठिकाणी गेली एवढाच अर्थ. मात्र युद्धात लढलेला माणूस 1866 नंतर पुन्हा भरती झाला असेल, तर दोन्हीकडे शोधावं. पाकिटात जन्मगाव आणि कधीकधी गुलामगिरीतल्या मालकाचं नावही मिळतं.

कायम सैन्यासाठी एम 233 ही मालिका वापरायची: 1798 ते 1914 ची भरती-नोंदवही. फॅमिलीसर्च या संकेतस्थळावर ती विनामूल्य पाहता येते. नोंदी पूर्ण वर्णानुक्रमे नसतात. आडनावाचं पहिलं अक्षर जुळलं की पुढे तारखेचा क्रम लागतो. ओळ डाव्या पानावरून उजव्या पानावर जाते. डावीकडे नाव, वय, जन्मस्थान, धंदा, डोळे, केस, वर्ण, उंची. उजवीकडे रेजिमेंट, कंपनी आणि शेरा. संगणकावर उघडलेलं चित्र एकाच पानाचं असलं तर पुढचंही उघडावं. सगळा ऐवज शेऱ्यात असतो.

वंशाचा वेगळा रकाना नसतो. वर्णाच्या रकान्यात ‘ब्लॅक’, ‘मुलॅटो’ (मिश्र वंशाचा), ‘ब्राउन’, ‘यलो’ असं काही लिहिलेलं असतं. ‘डार्क’ दिसलं म्हणून माणूस कृष्णवर्णीय ठरवू नये, कारण सावळ्या गोऱ्या माणसालाही कारकून तेच लिहीत. खातरजमा रेजिमेंटवरून करावी.

1866 ते 1894 या काळात घोडदळातली भरती पाच वर्षांची असे, आणि प्रत्येक फेरभरतीची ओळ नवी. तीस वर्षं नोकरी केलेल्या माणसाच्या सहा ओळी सापडायला हव्यात. चारच सापडल्या तर उरलेल्या दोन आडनावाच्या वेगळ्या स्पेलिंगखाली असतील. गुलामगिरीतून नुकत्याच सुटलेल्या माणसांनी भरतीच्या वेळी घेतलेलं आडनाव पुढे बदलल्याची उदाहरणं पुष्कळ आहेत, आणि ऐकून लिहिणाऱ्या कारकुनाने त्यात आपली भर घातलेली असते. कॅथे विल्यम्स या बाईने तर 1866 च्या नोव्हेंबरात सेंट लुइसला पुरुष म्हणून 38 व्या पायदळात नाव नोंदवलं ते ‘विल्यम कॅथे’ असं. म्हणून नाव आणि आडनाव उलटं करूनही शोधावं.

शेऱ्यातली संक्षिप्त रूपं चार-पाचच आहेत. ‘एक्स्प. ऑफ सर्व्हिस’ म्हणजे मुदत संपून सुटका. ‘एस.सी.डी.’ म्हणजे शल्यविशारदाच्या दाखल्यावरून, आजार किंवा अपंगत्वामुळे. ‘जी.सी.एम.’ म्हणजे जनरल कोर्टमार्शल. त्याच्या शेजारचा हुकमाचा क्रमांक आणि तारीख लगेच उतरवून घ्यावी. शेवटी चारित्र्याचा शब्द: उत्कृष्ट, फार चांगलं, चांगलं. हा शब्द कंपनीचा कप्तान लिहीत असे, आणि पुढच्या भरतीचं भवितव्य त्यावर ठरे. मूळ सुटकापत्र कुटुंबाकडे असेल तर त्यावरचं ‘फेरभरतीस हरकत नाही’ अशा अर्थाचं छापील वाक्य खोडलेलं आहे का ते पाहावं. कप्तानाला माणूस नको असला की एवढी एक रेघ पुरे व्हायची.

कंपनी कुठे होती, आणि तिला काय दिलं

आता तीन प्रकारची पत्रकं लागतात. रेजिमेंटचं मासिक पत्रक, एम 744 मालिका. ठाण्याचं मासिक पत्रक, एम 617. आणि दर दोन महिन्यांनी, फेब्रुवारी, एप्रिल, जून अशा महिन्यांच्या अखेरीस भरला जाणारा कंपनीचा हजेरीपट. पहिल्या दोन मालिका मायक्रोफिल्मवर आहेत. त्यांत अधिकाऱ्यांची नावं असतात, साधे शिपाई बहुतेक आकड्यांतच. प्रत्येक शिपायाचं नाव हजेरीपटातच मिळतं: कोण आजारी, कोण कैदेत, कोणाच्या पगारातून किती कपात, कोण कसल्या कामावर. हे पट वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय अभिलेखागारात रेकॉर्ड ग्रुप (दप्तराचा गट) 94 मध्ये आहेत आणि ते बहुतेक प्रत्यक्षच पाहावे लागतात.

पगाराच्या रकान्यात भेदभाव शोधू नका, तो तिथे नाही. 1871 नंतर साध्या शिपायाला महिना 13 डॉलर मिळत, काळा असो की गोरा. फरक शोधायचा तो कामाच्या रकान्यात, मुक्कामाच्या जागेत आणि हालचालींच्या तारखांत.

कॅन्ससमधल्या फोर्ट लार्नेडचं उदाहरण घ्या. दहाव्या घोडदळाची कंपनी ए तिथे एप्रिल 1867 पासून होती. बाकीचं ठाणं गोऱ्या पायदळाचं. 1868 च्या अखेरीस बिलियर्डच्या टेबलावरून गोऱ्या शिपायांशी वाद झाला. ठाण्याचे प्रमुख मेजर मेरेडिथ किड यांनी कंपनी ए ला ऐन थंडीत रात्री लाकडांच्या गंजीवर पहाऱ्याला पाठवलं. 2 जानेवारी 1869 च्या पहाटे कंपनीचा तबेला जळाला आणि 39 घोडे मेले. काही दिवसांतच कंपनी फोर्ट झाराला हलवण्यात आली. निव्वळ ठाण्याचं पत्रक वाचणाऱ्याला काय दिसेल? एक आग, आणि एक बदली. डिसेंबर आणि जानेवारीची पत्रकं, ठाण्याची हुकूमवही आणि कंपनीचे कप्तान निकोलस नोलन यांची पत्रं एकत्र वाचली तरच लक्षात येतं की भांडण दोघांचं होतं आणि ठाणं सोडावं लागलं ते एकाच पक्षाला. हुकूमवह्या आणि ठाण्यांचा पत्रव्यवहार रेकॉर्ड ग्रुप 393 मध्ये, रेजिमेंटच्या स्वतःच्या वह्या 391 मध्ये आहेत.

फोर्ट लेव्हनवर्थचं प्रकरण याच जातीचं आहे. तिथल्या ठाण्याचे प्रमुख विल्यम हॉफमन यांनी दहाव्या घोडदळाला सखल, पाणी साचणाऱ्या जागी तळ दिला, आणि संचलनात गोऱ्या पलटणींपासून दूर उभं केलं. शिपाई न्यूमोनियाने आजारी पडू लागले. ग्रिअरसन यांच्या तक्रारी चालूच राहिल्या, आणि ऑगस्ट 1867 मध्ये रेजिमेंटचं मुख्यालय फोर्ट रायलीला गेलं. इथे आजाऱ्यांचा आकडा आणि तळाची जागा हे दोन कागद जुळवायचे असतात. आजाऱ्यांची वैद्यकीय कार्डं रेकॉर्ड ग्रुप 94 मध्ये वेगळी ठेवलेली आहेत.

1866-68 ची पत्रकं तुटक आणि वाईट अक्षरातली असतात. लिहिता-वाचता येणारे शिपाई थोडे असल्याने कारकुनी अधिकाऱ्यांनाच करावी लागे, आणि अधिकाऱ्यांच्या जागाही रिकाम्या असत. ज्यांना गुलामगिरीत अक्षर शिकणं कायद्याने बंद होतं, त्यांच्याकडून यापेक्षा वेगळं काय अपेक्षित होतं? म्हणूनच या रेजिमेंटना स्वतःचे पाद्री दिले आणि शाळा घेण्याचं काम त्यांच्याकडे सोपवलं. गोऱ्या सैन्यात पाद्री रेजिमेंटला नव्हे, ठाण्याला जोडलेला असे. पाद्र्यांचे अहवाल ॲडज्युटंट जनरलच्या (सैन्याचं दप्तर सांभाळणाऱ्या मुख्य अधिकाऱ्याच्या) आवक पत्रांत मिळतात: 1861-70 साठी एम 619, 1871-80 साठी एम 666, 1881-89 साठी एम 689. शिपाई काय शिकत होते, शाळेला खोली मिळत होती की नाही, हे त्यांत असतं. हे अहवाल फार थोडे लोक उघडतात, आणि खरं तर सर्वांत जिवंत कागद हेच आहेत.

घोड्यांबद्दल सावध राहावं. ‘काळ्या रेजिमेंटना मुद्दाम म्हातारे, टाकाऊ घोडे दिले’ हे विधान सर्रास छापलं जातं. अभ्यासकांचं त्यावर एकमत नाही, कारण त्या काळी तुटवडा साऱ्याच सैन्यात होता. रेजिमेंटच्या पत्रकात कामाचे घोडे आणि निकामी घोडे असे वेगळे आकडे असतात. त्याच वर्षाचे, त्याच लष्करी विभागातल्या एखाद्या गोऱ्या घोडदळाचे आकडे काढून शेजारी मांडावेत, निदान बारा महिन्यांचे. एका महिन्यावरून बोलू नये. मोहिमेहून परतलेल्या कोणत्याही रेजिमेंटचे घोडे त्या महिन्यात निकामीच दिसतात.

पत्रकाच्या मागच्या बाजूला घटनांची नोंद असते. त्यात चकमकी, मैल, ‘शत्रू’ इंडियन. ही भाषा जशीच्या तशी उचलू नये. 1879-80 मध्ये 9 व्या आणि 10 व्या घोडदळाने अपाचे नेता व्हिक्टोरियोचा पाठलाग केला, तो अपाच्यांना त्यांच्या पसंतीच्या भूमीतून हलवण्याच्या धोरणाचा भाग होता. ज्यांना गावात हॉटेलचं दार बंद, तेच शिपाई दुसऱ्या एका समाजाला त्याच्या जमिनीवरून हुसकावत होते. ही अडचण लपवणारा लेख अर्धाच असतो.

कोर्टमार्शलचे कागद वाचताना

अन्याय सर्वांत जास्त शब्दांत लिहिला गेला तो इथे, कारण साक्षी शब्दशः उतरवल्या जात. जनरल कोर्टमार्शलच्या फाइली रेकॉर्ड ग्रुप 153 मध्ये आहेत. 1890 पर्यंतच्या खटल्यांचा क्रमांक एम 1105 या नोंदवह्यांत शोधायचा, मग त्या क्रमांकाने फाइल मागवायची. ठाण्यावरच्या लहान कोर्टांना जास्तीत जास्त एक महिन्याचा पगार आणि एक महिन्याची कैद एवढीच शिक्षा देता येई, आणि त्यांच्या सविस्तर फाइली क्वचितच उरल्या आहेत. त्यांचा मागमूस हजेरीपटातल्या कपातीत लागतो.

कलमांच्या क्रमांकांत हमखास चूक होते. 1874 मध्ये युद्धकलमं, म्हणजे सैन्याच्या शिस्तीच्या कायद्याची कलमं, नव्याने क्रमबद्ध झाली. त्याआधी बंडाचं कलम 7, फरारीचं 20, आणि शिस्तीला बाधक वर्तनाचं सर्वसाधारण कलम 99. त्यानंतर तीच अनुक्रमे 22, 47 आणि 62. त्यामुळे 1870 च्या कागदात ‘कलम 20’ दिसलं आणि 1874 नंतरची यादी उघडली, तर आरोपच बदलून जातो.

आधी साक्षी वाचाव्यात, निकाल नंतर. एप्रिल 1867 मध्ये सॅन अँटोनिओजवळच्या सॅन पेद्रो स्प्रिंग्जला 9 व्या घोडदळाच्या कंपनी ई मध्ये ‘बंड’ झालं. नुसता आरोप वाचला तर ते शिपायांचं बंड. साक्षींत येतं ते असं, की लेफ्टनंट एडवर्ड हेल यांनी हुकूम लवकर पाळला नाही म्हणून तीन शिपायांना मनगटांनी झाडाला टांगलं होतं आणि नंतर त्यांना तलवारीने मारहाण केली. सार्जंट हॅरिसन ब्रॅडफर्डने हरकत घेतली आणि त्यातून उडालेल्या चकमकीत तो मारला गेला. लेफ्टनंट सेथ ग्रिफिनही जखमांनी मेले. कॉर्पोरल चार्ल्स वुड्सला मृत्युदंड झाला, पण पुढे तो माफ झाला. माफीचा कागद खटल्याच्या फाइलीत असेलच असं नाही. तो नंतरच्या हुकमांत शोधावा, नाहीतर मेलेला ठरवलेला माणूस दोन वर्षांनी हजेरीपटात उभा दिसतो.

फरारीच्या आरोपालाही असंच तपासावं. जुलै 1877 मध्ये टेक्सासच्या स्टेक्ड प्लेन्स या पठारावर कप्तान नोलन यांची दहाव्या घोडदळाची कंपनी ए 86 तास पाण्याविना भटकली आणि चार शिपाई मेले. पाण्याच्या शोधात तुकडी सोडून गेलेल्यांपैकी काहींवर नंतर कोर्टमार्शल झालं. मोहिमेचा तारीखवार अहवाल शेजारी न ठेवता ‘फरारी’ हा शब्द वाचला, तर माणसावर दुसऱ्यांदा अन्याय होतो. एरवी काळ्या घोडदळात पळून जाणाऱ्यांचं प्रमाण गोऱ्या रेजिमेंटांपेक्षा कमी होतं.

अधिकाऱ्यांच्या खटल्यात कोणतं कलम लागू झालं यावर सगळं अवलंबून. हेन्री फ्लिपर हे 1877 मध्ये वेस्ट पॉइंट या लष्करी अकादमीतून पदवी घेणारे पहिले कृष्णवर्णीय, दहाव्या घोडदळात लेफ्टनंट. 1881 मध्ये फोर्ट डेव्हिसला त्यांच्यावर 3,791.77 डॉलरच्या अपहाराचा खटला झाला. अपहारातून ते निर्दोष सुटले, पण ‘अधिकाऱ्याला न शोभणारं वर्तन’ या कलम 61 खाली दोषी ठरले. त्या कलमाला बडतर्फीशिवाय दुसरी शिक्षाच नव्हती. 1882 मध्ये ते बडतर्फ झाले. सैन्याने 1976 मध्ये ती बडतर्फी सन्माननीय सुटकेत बदलली, 1999 मध्ये राष्ट्राध्यक्ष क्लिंटन यांनी माफी दिली. त्यांचे कागद टी 1027 मध्ये एकत्र आहेत. कोर्टमार्शलची फाइल कशी वाचायची हे शिकायला याहून चांगला नमुना नाही. पक्षपात होता की नाही हे ठरवायला त्याच विभागात, त्याच सुमारास, त्याच कलमाखाली गोऱ्यांना झालेल्या शिक्षा काढाव्यात. दहा-बारा खटले तरी हवेत.

गावातलं वैर

ठाण्याबाहेरची मारहाण आणि खून लष्करी दप्तरात एका ओळीत येतात: ‘नागरिकाने गोळी घातली.’ पुढचा भाग काउंटीच्या न्यायालयात आणि वर्तमानपत्रांत. 1881 च्या सुरुवातीला टेक्सासमधल्या सॅन अँजेलोत दहाव्या घोडदळाच्या विल्यम वॉटकिन्सला टॉम मॅकार्थी नावाच्या, मेंढ्यांचे कळप पाळणाऱ्या माणसाने ठार मारलं. गावालगतच्या फोर्ट कॉन्चोचे शिपाई चिडून गावावर चालून गेले. मॅकार्थी पुढे निर्दोष सुटला. अशा प्रकरणात तीन ठिकाणी पाहावं: ठाण्याचं पत्रक, खटला जिथे चालला त्या काउंटीची नोंदवही, आणि दोन्ही बाजूंची वर्तमानपत्रं. स्थानिक पत्रात शिपाई दंगेखोर असतात. क्लीव्हलँड गॅझेट, रिचमंड प्लॅनेट अशा कृष्णवर्णीयांच्या पत्रांत शिपायांची स्वतःची पत्रं छापून येत, पण ही पत्रं 1880 च्या दशकात निघाली, त्याआधीच्या घटनांसाठी त्यांचा उपयोग नाही.

पेन्शनची फाइल

कुटुंबाचा शोध घेणाऱ्याने खरं तर सर्वांत जास्त वेळ इथे द्यावा. आधी टी 288 ही सर्वसाधारण सूची, मग इंडियन युद्धांच्या पेन्शनसाठी टी 318. सापडलेला अर्ज-क्रमांक आणि दाखला-क्रमांक दोन्ही लिहून घ्यावेत, आणि विधवेचा वेगळा क्रमांक असेल तर तोही. 1917 च्या कायद्याने 1859 ते 1891 मधल्या मोहिमांत लढलेल्या, 62 वर्षं झालेल्यांना महिना 20 डॉलर पेन्शन सुरू झालं, त्यामुळे बऱ्याच फाइली त्यानंतर उघडलेल्या असतात.

अर्ज फेटाळला असेल तर फाइल सोडून देऊ नये. उलट ती जाड असते. वय सिद्ध करा, लग्न सिद्ध करा, नाव सिद्ध करा असा तगादा असे. गुलामगिरीत जन्मलेल्या माणसाच्या जन्माची नोंद नसे, आणि गुलामांच्या लग्नाला कायद्याची मान्यताच नव्हती. मग खास तपासनीस पाठवून शेजाऱ्यांचे, जुन्या सोबत्यांचे, कधी जुन्या मालकाच्या घरच्यांचे जबाब घेतले जात. ज्या कागदाची उणीव अर्जदाराला भोवली, तिच्यामुळेच आज त्याच्या आईचं नाव आपल्याला कळतं. याला जोड म्हणून फ्रीडमन्स बँकेच्या (गुलामगिरीतून सुटलेल्यांसाठी काढलेल्या बँकेच्या) सह्यांच्या नोंदवह्या (1865 ते 1874, एम 816) पाहाव्यात. खातेदाराचे आईबाप, भावंडं, जन्मस्थान त्यांत लिहिलेलं असतं.

दोन अडथळे आधीच माहीत असावेत. 1890 ची जनगणना 1921 च्या आगीमुळे जवळजवळ संपूर्ण गेली आहे. आणि 31 ऑक्टोबर 1912 नंतर सेवामुक्त झालेल्या शिपायांच्या फाइली सेंट लुइसला ठेवलेल्या होत्या. त्यांतल्या बऱ्याचशा 1973 च्या आगीत जळाल्या. त्याआधीच्या लोकांचे कागद वॉशिंग्टनला सुरक्षित आहेत. तीस वर्षांच्या नोकरीनंतर तीन-चतुर्थांश पगारावर निवृत्ती 1885 पासून मिळू लागली, म्हणून 1866-67 चे रंगरूट 1897 च्या आसपास निवृत्त यादीत दिसतात.

कबर शोधताना ठाण्यावर जाण्याआधी पाहावं की ठाणं बंद झाल्यावर दफनभूमी हलवली का. नेब्रास्कातल्याच फोर्ट रॉबिन्सनच्या कबरी 1947 मध्ये मॅक्सवेल, नेब्रास्का इथल्या फोर्ट मॅकफर्सन राष्ट्रीय दफनभूमीत नेल्या. सार्जंट जॉर्ज जॉर्डन तिथेच आहेत. न्यू मेक्सिकोतल्या लढायांसाठी त्यांना मेडल ऑफ ऑनर हे सर्वोच्च शौर्यपदक मिळालं होतं. 1904 मध्ये आजारी असताना फोर्ट रॉबिन्सनच्या इस्पितळाने त्यांना दाखल करून घेतलं नाही आणि ते वारले. मेडल मिळालेल्या कृष्णवर्णीयांचे कागद एम 929 मध्ये वेगळे काढलेले आहेत.

पेन्शनची फाइल मागवायला नमुना 85 आणि लष्करी सेवेच्या कागदांना नमुना 86 भरावा लागतो. ही मागणी राष्ट्रीय अभिलेखागाराच्या संकेतस्थळावरून परदेशातूनही करता येते. मागणीत नाव, सगळी पर्यायी स्पेलिंग, रेजिमेंट, कंपनी, भरतीची तारीख आणि सूचीतला क्रमांक द्यावा, आणि पेन्शनच्या बाबतीत निवडक पानं नको, संपूर्ण फाइल हवी असं स्पष्ट लिहावं. निवडक संचात जबाब येतीलच असं नाही.